शेतकरी विरुद्ध झारेकरी

प्रश्न असा आहे: ‘गोल्ड इज व्हेअर यू फाइंड इट’ या १९३८च्या हॉलिवूडपटाचा मराठीत परिचय लिहायचा आहे. त्यात ‘कॅलिफोर्नियातले खाणकामगार आणि शेतकरी यांचा संघर्ष’ असं म्हटलं तर चालेल का? आणि पाण्याच्या फवाऱ्याने डोंगर फोडून सोनं काढतात, त्याला ‘जलीय उत्खनन’ म्हणायचं का?

दोन्ही चालणार नाही.

‘खाणकामगार’चं आधी उरकतो. कामगार म्हणजे मजुरी घेणारा. दिग्दर्शक मायकल कर्टिझच्या या चित्रपटातला काळ १८७०च्या दशकातला आहे. तोवर फावडं आणि थाळी घेऊन एकट्याने सोनं शोधणाऱ्यांचे दिवस सरले होते आणि सॅक्रामेंटो खोऱ्याच्या वरच्या अंगाला भांडवलदार कंपन्या बसल्या होत्या. त्यांनी डोंगर फोडून नद्यांत सोडलेला राडा खालच्या शेतांवर येई, म्हणून शेतकऱ्यांचं भांडण त्यांच्याशी होतं. म्हणून ‘खाणवाले’ लिहा. गोव्यात लोहखनिजाच्या ढिगांवरची माती पावसात भाताच्या शेतात उतरते, तेव्हा डिचोली-सांग्याचा शेतकरी खाणवाल्यांच्या नावाने बोटं मोडतो, मजुरांच्या नव्हे. इंग्रजीत दोघांना ‘मायनर’ हा एकच शब्द आहे म्हणून मराठीने मालक आणि मजूर एका माळेत का ओवायचे?

आता ‘उत्खनन’. हा शब्द हल्ली कुठेही घुसतो आणि माझं डोकं फिरतं. जोर्वे, नेवासे, इनामगाव इथे जुन्या वस्त्या शोधायला पुरातत्त्वज्ञांनी केलं ते उत्खनन. नदीतून ट्रक भरून वाळू नेतात तो उपसा, पण बातमीत मात्र ‘अवैध उत्खनन’! निदान तिथे काहीतरी खणलं तरी जातं. कॅलिफोर्नियात या पद्धतीत कुदळ बाजूलाच राहिली. १८५३मध्ये नेव्हाडा सिटीजवळ एडवर्ड मॅटिसनने पाण्याच्या झोताने टेकडीची कड पाडून पाहिली आणि तिथून हे सुरू झालं. उंचावरून पाटाने आणलेलं पाणी लोखंडी नळात सोडायचं, तोफेसारख्या तोटीतून डोंगरावर मारायचं. कडा ढासळला की तो चिखल लाकडी पन्हळीत वळवायचा. पन्हळीच्या तळाशी आडव्या पट्ट्या ठोकलेल्या असत आणि पट्ट्यांमागे पारा घातलेला असे. हलकी माती वाहून जाई, जड सोनं पट्टीशी अडे, पारा ते धरून ठेवी. यात खणणं कुठे आहे? हे धुणं आहे.

आणि सोनं धुऊन काढणाऱ्याला मराठीत स्वतःचा शब्द आहे: झारेकरी. सोनाराच्या दुकानातला केर, भट्टीतली राख, म्हणजे ‘झारा’, विकत घ्यायचा, पाण्यात धुवायचा, हलकं ते वाहू द्यायचं आणि तळाशी बसलेले कण वेचायचे. कॅलिफोर्नियातली पन्हळ आणि झारेकऱ्याचं भांडं यांत तत्त्व तेच आहे, फरक फक्त आकाराचा. पूर्व विदर्भात नदीच्या वाळूतून सोनं धुणारे सोनझारी आहेत, त्यांच्या नावातही हाच ‘झार’.

काही विद्वान सांगतात की हा ‘झार’ झाडण्यावरून आला. केर झाडून नेतो तो झारेकरी. मला हे साफ अमान्य आहे. मराठीत झाडणे, झाडू, झाडलोट, झाडणी, सगळीकडे ड जागेवर आहे. मग या एकाच शब्दात त्याचा र का व्हावा? हिंदीतून आला म्हणावं, तर ‘झारेकरी’ हा घाट सगळा मराठी आहे. माझ्या मते झारेकरी हा झरणाऱ्या पाण्याचा माणूस. तो झरा, झारी, बुंदी पाडायचा झारा यांच्या घरातला. आणि ‘झर’ हा नुसता झरझर आवाजावरून आला असं लिहून मोकळे होणाऱ्या कोशकारांनी प्राकृत उघडून बघावं. संस्कृत ‘क्षर्’ म्हणजे वाहणं, पाझरणं. त्याचं प्राकृतात ‘झरइ’. ‘अक्षरं न क्षरं विद्यात्’ असं पतंजलीच्या महाभाष्य या व्याकरणग्रंथात म्हटलं आहे, त्यातला क्षर तो हाच. म्हणजे अक्षर आणि झरा एका धातूचे.

यापुढची गोष्ट तर मला अजूनही थक्क करते. ‘क्षेत्र’मध्येही क्ष आहे, पण त्याचं मराठीत झालं ‘शेत’. एका क्षचा श आणि दुसऱ्याचा झ, असं का? कारण मुळात ते दोन वेगळे उच्चार होते. अवेस्तेत, म्हणजे संस्कृतच्या बहिणीसारख्या जुन्या इराणी भाषेतल्या पारशांच्या धर्मग्रंथात, वाहण्याचा धातू ‘ग्झर्’ असा घोष आहे (ग, झ उच्चारताना गळ्यात कंप होतो तसा) आणि क्षेत्राचा भाऊ ‘शोइथ्र’ असा अघोष, म्हणजे कंपाविना. संस्कृतने दोघांना एका क्षमध्ये कोंबलं. प्राकृतांनी मात्र तो भेद जपला आणि तो आपल्या तोंडात आजही आहे. ‘क्षीयते’वरून आलेलं ‘झिजणे’ही याच घोष बाजूचं. प्राकृत म्हणजे बिघडलेलं संस्कृत, असं म्हणणाऱ्यांनी हे एक उदाहरण खोडून दाखवावं. शेतकरी आणि झारेकरी या दोन साध्या शब्दांत वेदाच्या भाषेने पुसलेला फरक शाबूत आहे, आणि नेमके हेच दोघे या चित्रपटात समोरासमोर उभे आहेत!

परिचय लिहिताना आणखी एक सांभाळा. डोंगरावरून शेतांवर आलेल्या राड्याला ‘गाळ’ म्हणू नका. आपला शेतकरी गाळ पैसे मोजून आणतो, पाणी ओसरलं की गाळपेर करतो. गाळ आला म्हणून कॅलिफोर्नियाचे शेतकरी कोर्टात गेले, असं वाचून मराठी वाचक बुचकळ्यात पडेल. तिथे आली ती रेव: वाळू, गोटे आणि काही न पिकवणारी चिकट माती. ग्रोव्ह कार्ल गिल्बर्ट या भूशास्त्रज्ञाने १९१७मध्ये या राड्याचा हिशेब मांडला, तो सुमारे दीड अब्ज घनयार्ड. युबा नदीचं पात्र इतकं वर आलं की मेरिसव्हिल गावाला बांध घालून आत बसावं लागलं. शेवटी एडवर्ड्स वुडरफ या तिथल्याच जमीनमालकाने नॉर्थ ब्लूमफील्ड या खाण कंपनीवर दावा लावला आणि ७ जानेवारी १८८४ रोजी न्यायमूर्ती लोरेन्झो सॉयर यांनी हा राडा नद्यांत सोडायला मनाई केली. धुण्यावर बंदी नव्हती. पण धुतलेलं टाकायला जागाच उरली नाही, तेव्हा तोट्या आपोआप थंडावल्या.