मधल्या साडेचार वर्षांचा हिशेब

या महिन्यात एकाच माणसाबद्दल बरीच पत्रं आली. सिमू लिऊ, कॅनडाचा टीव्ही नट. त्याच्यावरचं एक मिनिटाचं रील पुण्यात घरोघरी फिरतंय असं दिसतं. अकाउंटंटची नोकरी गेली, गडी नट झाला, मार्व्हलचा सुपरहिरो झाला, टाळ्या. त्यातली चार पत्रं निवडली आहेत. नवीन वाचकांसाठी सांगते: मी राष्ट्रीयीकृत बँकेच्या कर्ज विभागातून निवृत्त झाले आणि नोकरीभर संध्याकाळी हौशी नाटकांना प्रॉम्प्टिंग केलं. त्यामुळे माझी उत्तरं थोडी कर्ज विभागाची आणि थोडी विंगेतली असतात.

प्रश्न: काकू, मी सत्तावीस वर्षांचा सीए आहे, कर्वेनगरला राहतो. कॉलेजात असताना पुरुषोत्तम करंडक एकांकिका स्पर्धेत दोन वर्षं काम केलं. आता ऑडिटमध्ये जीव गुदमरतो. सिमू लिऊची गोष्ट खरी आहे का? आणि खरी असेल तर मीही राजीनामा द्यावा का?

गोष्ट खरी आहे, पण रीलमध्ये मधलं सगळं कापलंय. कापलेला भाग सांगते, कारण तुला उपयोगी पडेल तो तोच.

लिऊने कॅनडातल्या वेस्टर्न विद्यापीठाच्या आयव्ही बिझनेस स्कूलमधून २०११ साली पदवी घेतली आणि टोरंटोला डिलॉइटमध्ये अकाउंटंट म्हणून लागला. एप्रिल २०१२ मध्ये त्याला काढून टाकलं, तेविसावा वाढदिवस तोंडावर असताना. दहा वर्षांनी त्याने स्वतःच लिहिलं, की सुरक्षारक्षकाने त्याला अख्ख्या ऑफिसासमोरून बाहेर नेलं आणि निरोप द्यायला कुणी खुर्चीतून उठलं नाही. म्हणजे राजीनामा वगैरे काही नाही. नोकरीनेच त्याला सोडलं. तू नोकरी सोडण्याच्या गोष्टी करतोयस. ही दोन वेगळी प्रकरणं आहेत आणि तुझं जास्त अवघड आहे, कारण उद्या फसलं तर दोष द्यायला समोर कुणी नसेल.

नोकरी गेल्यावर त्याने काय केलं? जाहिरातींच्या एका संकेतस्थळावर चित्रपटासाठी गर्दीतली माणसं हवी आहेत असं वाचलं आणि गेला. तो चित्रपट 'पॅसिफिक रिम', शूटिंग टोरंटोतच. पैसे किमान वेतनाच्या दराने. २०१२ साली ऑन्टॅरिओत तो दर तासाला सव्वादहा डॉलर होता. अकाउंटंटच्या खुर्चीतून उठलेल्या माणसाने गर्दीत उभं राहायचं, कुणी नाव विचारणार नाही, जेवणाच्या रांगेतही मागे. आणि तो सांगतो की तिथे त्याला आवडलं. कॅमेरा, क्रेन, धावपळ, सगळं. माझ्या मते त्याच्या गोष्टीत बघण्यासारखं वळण हे आहे. ज्याला विंगेत नुसतं उभं राहायला आवडतं तो या धंद्यात टिकतो. ज्याला फक्त टाळ्या आवडतात तो दुसऱ्या वर्षी घरी परततो. असे परतलेले मी कितीतरी पाहिले, आणि त्यातले काही माझ्याकडे गृहकर्जाला आले!

मग एका ओळीच्या भूमिका. मग स्टंट, म्हणजे मार खायचा आणि चेहरा दिसू द्यायचा नाही. लहान मुलांच्या वाढदिवसाला स्पायडरमॅनचा पोशाख घालून जायचं. क्रेडिट कार्डाचं कर्ज होतंच. २०१५ मध्ये 'ब्लड अँड वॉटर' या मालिकेत जरा ठीक काम मिळालं. आणि ऑक्टोबर २०१६ मध्ये कॅनडाच्या सरकारी वाहिनीवर, सीबीसीवर, 'किम्स कन्व्हीनियन्स' सुरू झाली. टोरंटोतल्या कोरियन कुटुंबाचं किराणा दुकान, त्यात दुकानदाराचा घरातून निघून गेलेला मुलगा जंग, तो लिऊ. एप्रिल २०१२ ते ऑक्टोबर २०१६. साडेचार वर्षं. रीलमध्ये ती बहुधा अर्ध्या सेकंदात संपतात.

तू सीए आहेस, तर क्लायंटकडून जे मागतोस ते स्वतःकडून माग. साडेचार वर्षांचं कॅश फ्लो काढ. भाडं, गाडीचा हप्ता, आईबाबांचा आरोग्य विमा, सगळं धर. उत्पन्नाच्या बाजूला नाटकाचं मानधन टाकताना हात आखडता ठेव. प्रायोगिक नाटकात मानधनापेक्षा रिक्षाचं भाडं जास्त होतं, हे तुला पुरुषोत्तमपासून माहीत असेल. आकडा बघून छातीत धस्स झालं तर आणखी दोन वर्षं ऑडिट कर, पैसे साठव, आणि संध्याकाळी तालमीला जा. धस्स झालं नाही, तर मला विचारायची गरज नव्हती.

आणखी एक. लिऊ ज्या गावात राहत होता तिथेच काम होतं. अमेरिकेतले निर्माते करसवलत आणि स्वस्त कॅनेडियन डॉलरसाठी टोरंटोला येऊन चित्रपट करतात, त्यामुळे तिथल्या पोराला बस पकडून सेटवर जाता येतं. तुझं तसं नाही. नाटक पुण्यात आहे, पण मालिकांचं पोट भरणारं काम बहुतेक मुंबई-ठाण्याला. तेव्हा कॅश फ्लोमध्ये दुसरं भाडंही धर. हे लोक विसरतात.

प्रश्न: ताई, त्याचे फोटो म्हणे सगळीकडे असतात? आमच्या ऑफिसच्या प्रेझेंटेशनमध्येही आहे असं सहकारी म्हणाला. खरं की गंमत? (बाणेर)

तुमच्या प्रेझेंटेशनमधला कोण ते मी इथे बसून कसं सांगणार? पण किस्सा खरा आहे. २०१४ च्या सुमारास, त्याच कर्जाच्या दिवसांत, त्याने एका स्टॉक फोटोच्या, म्हणजे तयार फोटो विकणाऱ्या, कंपनीसाठी दिवसभर फोटो काढून घेतले. इस्त्रीचा शर्ट, लॅपटॉप, आजूबाजूला हसरे सहकारी, सगळे एका पडद्याकडे बघून खूश. त्याने सांगितलेला मोबदला साधारण शंभर डॉलर, एकरकमी. पुढे ते फोटो जगभर विकले गेले आणि अकाउंटिंगच्या एका पाठ्यपुस्तकाच्या मुखपृष्ठावरही तो झळकला. ज्या धंद्याने हाकललं त्याच धंद्याच्या पुस्तकावर हसतोय! त्याला त्या विक्रीतून पुढे दमडी मिळाली नाही, कारण कागदावर सही करून हक्क देऊन टाकले होते.

पुण्यातही असे फोटो काढून घेणाऱ्या मुलामुलींना सांगते: पैसे कमी असले तरी चालतील, पण सही करण्याआधी किती वर्षांसाठी, कुठे आणि कशाच्या जाहिरातीला एवढं तरी वाचा. उद्या तुमचा चेहरा मूळव्याधीच्या मलमावर आला तर तक्रार करता येणार नाही.

प्रश्न: आपल्याकडे अशी उदाहरणं नाहीत का? सारखं परदेशातलं कशाला? (सदाशिव पेठ, एक ज्येष्ठ वाचक)

वाटच बघत होते. काका, आहेत ना. डॉ. श्रीराम लागू. बी. जे. मेडिकलचे, कान-नाक-घशाचे सर्जन. पुण्यात प्रॅक्टिस केली, पुढच्या प्रशिक्षणासाठी कॅनडा आणि इंग्लंडला गेले (बघा, कॅनडा इथेही आलाच), टांझानियात टाबोरा गावी काम केलं. आणि हे चालू असताना इथे असले की पीडीए या पुण्यातल्या नाट्यसंस्थेत नाटक. १९६९ साली, चाळिशी ओलांडल्यावर, 'इथे ओशाळला मृत्यू'पासून पूर्णवेळ रंगभूमीवर आले. पुढच्याच वर्षी 'नटसम्राट'. डॉक्टर होण्यात फुकट गेलेली वर्षं, असं कुणी म्हणत असेल तर त्याने लागूंचा आवाज नीट ऐकलेला नाही. घशातून आवाज कसा निघतो हे आतून बघितलेला नट होता तो.

आणि परदेशातलं आणखी एक सांगितल्याशिवाय राहवत नाही. लिऊच्या कितीतरी आधी कॅनडात लॉर्न ग्रीन होता. जन्म ओटावाचा, १९१५ चा, वडील चपला-बूट बनवणारे. किंग्स्टनच्या क्वीन्स विद्यापीठात केमिकल इंजिनिअरिंगला गेला आणि नाटकाच्या नादात ते सोडून भाषा शिकला. महायुद्धात सीबीसी रेडिओवर बातम्या वाचायचा. आवाज खर्जातला आणि बातम्या सगळ्या माणसं मेल्याच्या, म्हणून लोक त्याला विनाशाचा आवाज म्हणत. नंतर 'बोनान्झा' मालिकेत १९५९ ते १९७३ तीन मुलगे सांभाळणारा बाप झाला. पण मला त्याची आवडलेली गोष्ट वेगळीच. त्याने उलटं चालणारं स्टॉपवॉच तयार केलं. रेडिओवर बोलणाऱ्याला किती वेळ झाला यापेक्षा किती उरलाय हे कळायला हवं, म्हणून. इंजिनिअरिंग सोडलं, इंजिनिअरचं डोकं नाही सोडलं. प्रॉम्प्टरच्या खुर्चीत बसून मला ते घड्याळ कितीदा हवं होतं! स्पर्धेचा प्रयोग, वेळेची मर्यादा, आणि आमचे नायक एकेका स्वगताला मुरंबा घालून बसलेले.

प्रश्न: माझा मुलगा सव्वीस वर्षांचा, नाटकासाठी आयटीतली नोकरी सोडतो म्हणतो. त्या लिऊच्या आईवडिलांनी काय केलं, ते कुणीच सांगत नाही. तेवढं सांगाल का? शिवाय एक व्यावहारिक प्रश्न: तो घरीच राहणार आहे, तर त्याच्याकडून घरखर्चाला पैसे मागणं आईला शोभतं का? (सहकारनगर)

तुमचा प्रश्न मला सगळ्यात आवडला. रीलमध्ये आईवडील असतात ते फक्त चूक ठरायला.

लिऊचा जन्म चीनमधल्या हार्बिनचा, १९८९ चा. हिवाळ्यात नदी गोठते असं उत्तरेचं शहर. आईवडील कॅनडात शिकायला गेले आणि मुलगा आजी-आजोबांकडे राहिला. पाचेक वर्षांचा होईपर्यंत तो त्यांनाच आपली माणसं समजत होता. मग एक दिवस वडील आले आणि त्याला किंग्स्टनला घेऊन गेले. मुलाच्या दृष्टीने बघा: एक जवळजवळ अनोळखी गृहस्थ विमानात बसवून घेऊन जातो आणि त्यांना बाबा म्हणायचं. आणि आईवडिलांच्या दृष्टीनेही बघा. परक्या देशात, परक्या भाषेत शिकून दोघंही विमान-उद्योगात इंजिनिअर झाले. पै पै जोडलेली. एकुलता एक मुलगा. त्याला टोरंटोच्या, प्रवेश परीक्षा घेणाऱ्या नामांकित शाळेत घातला. त्याने गणितात, अभ्यासात पहिलं यावं असं त्यांना वाटलं तर ती दुष्टाई कशी? आपल्याकडे सोसायटीच्या प्रत्येक मजल्यावर हेच चालतं.

पण घरात ताण फार होता, हे त्याने पुढे मोकळेपणाने लिहिलंय. नोकरी गेल्यावर तर विचारूच नका. आणि इथे मला त्या मालिकेचं नवल वाटतं. 'किम्स कन्व्हीनियन्स' मुळात नाटक आहे, इन्स चॉइचं, २०११ च्या टोरंटो फ्रिंज महोत्सवातलं. त्यात बाप आणि मुलगा एकमेकांशी बोलत नाहीत. आई गुपचूप मुलाला भेटते. बापाचं काम करणारा पॉल सन-ह्युंग ली नाटकापासून तीच भूमिका करत आलेला. म्हणजे बापाशी अबोला असलेला मुलगा ही लिऊला मिळालेली पहिली मोठी भूमिका! मालिका पाच सीझन चालली. तेवढी वर्षं सेटवर जाऊन त्याच अबोल्याचा अभिनय करायचा.

मालिका चालू असतानाच, २०१७ साली, त्याने कॅनडाच्या 'मॅक्लीन्स' मासिकात आईवडिलांना उद्देशून पत्र लिहिलं. त्यांनी काय सोसलं हे आपल्याला उशिरा कळलं, असा त्याचा सूर. त्यातूनच २०२२ चं आत्मकथन झालं, आणि त्यात आईवडिलांच्या चीनमधल्या तरुणपणालाही बरीच जागा दिलीय. त्यासाठी त्याला त्यांच्याशी बसून बोलावं लागलं असणार. सुपरहिरोचा चित्रपट २०२१ मध्ये आला, त्याबद्दल बाकी सगळे सांगतातच.

तुम्ही विचारलंत, त्यांनी काय केलं. सुरुवातीला तुम्ही आत्ता करताय तेच: घाबरले, चिडले. मुलाने तालमी कुठे चालतात, दिग्दर्शक कोण, नाटक कशावर आहे हे तुम्हाला सांगितलंय का? नसेल तर विचारा. सांगेल, आणि मग थांबवता थांबणार नाही. भरत नाट्य मंदिरात राज्य नाट्य स्पर्धेची प्राथमिक फेरी होते तेव्हा तिकीट काढून मागच्या रांगेत बसा. मुलाला सांगू नका.

आता व्यावहारिक प्रश्न. पैसे जरूर मागा. रक्कम कमी ठेवा, पण ठरवून, कागदावर लिहून, एक तारखेला. पहिले सहा महिने माफ करायचे असतील तर तेही कागदावर. सातव्या महिन्यात 'आई, पुढच्या महिन्यात देतो' असं म्हणाला तर मात्र मला पुन्हा लिहा. थकबाकी वसुलीत माझा हात चांगला आहे.