पहिल्या महायुद्धात अमेरिकेतल्या बायकांनी गोधड्या का शिवल्या?

मुख्य कारण लोकर. १९१७ मध्ये अमेरिका युद्धात उतरली आणि लोकर सैनिकांच्या गणवेशांना, ब्लँकेटांना हवी होती. म्हणून घरोघरी आवाहन झालं: गोधड्या शिवा, ब्लँकेटं आघाडीवरच्या आपल्या पोरांसाठी राहू द्या.

मला सगळ्यात भिडतात त्या रेडक्रॉससाठी केलेल्या नावांच्या गोधड्या. पांढऱ्या कापडावर लाल दोऱ्याने नावं भरायची आणि प्रत्येक नावामागे थोडे सेंट घ्यायचे. डिसेंबर १९१७ च्या ‘मॉडर्न प्रिसिला’ मासिकाने नमुना छापला आणि एका गोधडीतून हजार डॉलर उभे राहू शकतात, असं सांगितलं. पुष्कळदा तयार गोधडीचा लिलावही व्हायचा, तो पैसाही रेडक्रॉसलाच. आज अशी गोधडी पाहिली की त्या काळचं अख्खं गाव नावानिशी वाचता येतं.