एकांत की एकाकीपणा?

प्रश्न आला आहे तो असा: फिल्म सोसायटीच्या पत्रकात माया डेरेन आणि अलेक्झांडर हॅमिड यांच्या 'मेशेस ऑफ द आफ्टरनून' (१९४३) या लघुपटाची ओळख द्यायची आहे. 'एकांतामुळे नायिकेला भ्रम होतात' हे वाक्य बरोबर आहे का?

भ्रमाचं आधी उरकतो. किल्लीच्या जागी सुरी दिसली तर भ्रम. काहीच नसताना आरशाच्या तोंडाची, काळ्या झग्यातली आकृती दिसली तर भास. या चौदा मिनिटांच्या लघुपटात दोन्ही आहेत. 'भास-भ्रम' लिहा आणि मोकळे व्हा.

खरं दुखणं 'एकांता'चं. 'वृद्धांचा एकांत ही गंभीर समस्या' हे ऐकून ऐकून कान किटले. अहो, एकांत मिळतो, लाभतो, नव्या जोडप्याला मुद्दाम द्यावा लागतो! तुकोबांना 'रुचे एकांताचा वास'. एकाकीपणा कुणाला रुचलाय? शाळेच्या गाइडांनी दोन्ही शब्द 'समानार्थी'च्या एकाच रकान्यात कोंबले, त्याची ही फळं.

आणि शब्द काय सुरेख आहे! एक + अंत. हा अंत म्हणजे शेवट नव्हे, टोक, बाजू. संस्कृतात 'एकांत' म्हणजे निर्जन जागा, तसंच निखालसपणा, एकाच बाजूला धरून राहणं. आपट्यांच्या संस्कृत-इंग्रजी कोशात दोन्ही अर्थ सापडतील. आपली 'ऐकांतिक', म्हणजे एकाच टोकाची, भूमिका या दुसऱ्या अर्थातून आली. जैनांचा अनेकांतवाद त्याच्या बरोबर उलट: वस्तूला बाजू अनेक, एकच धरून बसलात की चुकलात. माझं म्हणणं, हे दोन अर्थ आतून जोडलेले आहेत. जिथे दुसरं माणूस नाही, तिथे दुसरी बाजूही नाही. 'अगं, ती किल्लीच आहे' असं सांगायला कोण येणार? संस्कृत शिकवण्यात हयात घालवलेले एक स्नेही याला 'लोकव्युत्पत्ती' म्हणतात, म्हणजे ऐकायला पटणारी पण शब्दाच्या खऱ्या घडणीशी संबंध नसलेली फोड. फोड तीच, धातू तेच, मग लोकव्युत्पत्ती कुठून आली? त्यांना जोडणी आवडलेली नाही, इतकंच.

त्या लघुपटात एक प्रसंग आहे. टेबलाभोवती त्याच बाईच्या तीन प्रती बसतात, पाळीपाळीने किल्ली उचलतात आणि तिसरीच्या हातात तिची सुरी होते. बाया तीन, बाजू एकच! याला एकांत नाही म्हणायचं तर काय म्हणायचं?

हो, पत्रकात मात्र 'एकाकीपणामुळे' असंच छापा. माझा एकांत तळटीप दिल्याशिवाय कुणाला कळायचा नाही.