शंभर रुपयांचा नफा, हातात पंचवीस: पैसे गेले कुठे?

तुमचा प्रश्न दोनदा वाचला. 400 रुपयांनी 10 शेअर घेतले, दोन महिन्यांनी 410 ला विकले. शंभर रुपये सुटतील असं वाटलं होतं. दोन्ही काँट्रॅक्ट नोटा (सौद्यानंतर ब्रोकरकडून येणाऱ्या पावत्या) जुळवल्या तर 43 उरतात आणि लेजरमध्ये (ब्रोकरकडच्या तुमच्या खातेवहीत) मात्र 25 च दिसतात. ब्रोकरने फसवलं का, असं तुम्ही विचारलंय. फसवलेलं नाही. हिशोब बरोबर आहे, फक्त तो दोन वेगवेगळ्या कागदांवर मांडलेला आहे. कुणी समजावून सांगत नाही म्हणून नवीन माणसाचा जीव टांगणीला लागतो.

आधी काँट्रॅक्ट नोट घेऊ. तुमचं बँकेशी जोडलेलं खातं आहे, दलाली अर्धा टक्का. घेताना 4,000 वर 20 रुपये, विकताना 4,100 वर साडेवीस. एसटीटी (शेअरच्या सौद्यावरचा सरकारी कर) दोन्ही वेळा 0.1 टक्का, म्हणजे चार-चार रुपये. मुद्रांक शुल्क फक्त खरेदीवर, 0.015 टक्का, म्हणजे 60 पैसे. एक्स्चेंजचे आणि सेबीचे (बाजाराच्या नियामकाचे) मिळून पंचवीसेक पैसे. दलाली आणि हे पंचवीस पैसे यांच्यावर 18 टक्के जीएसटी, तो 7 रुपये 34 पैसे. बेरीज 56 रुपये 69 पैसे. शंभरातून वजा करा, 43 येतात.

आता उरलेले अठरा. ते डीपी (डिपॉझिटरी पार्टिसिपंट, म्हणजे तुमचं डीमॅट खातं सांभाळणारा) चार्जेस. शेअर विकले की ते तुमच्या डीमॅट खात्यातून बाहेर काढावे लागतात, त्याचे हे पैसे. तुमच्या ब्रोकरचा दर 15 रुपये अधिक जीएसटी, म्हणजे 17 रुपये 70 पैसे. ही रक्कम काँट्रॅक्ट नोटेवर येतच नाही, थेट लेजरला नावे पडते. म्हणून ताळा लागत नव्हता. त्या 15 मधले साडेतीन रुपये सीडीएसएलचे (शेअर जिच्याकडे जमा असतात त्या डिपॉझिटरीचे), बाकी ब्रोकरचे.

डीपी चार्जेसची गोम अशी की ते टक्क्यात नसतात. एका कंपनीचे शेअर एका दिवशी विकलेत की एकदा पडतात, मग 1 विका नाहीतर 5,000. लाखभराच्या विक्रीत 17.70 रुपये कुणी बघतही नाही. तुमच्या शंभराच्या नफ्यातला तो जवळजवळ पाचवा हिस्सा आहे. आणि हेच 10 शेअर सोमवारी तीन, मंगळवारी तीन, बुधवारी चार असे विकले असते तर 53 रुपये गेले असते. थोडे-थोडे विकायची सवय असेल तर ती आजच सोडा.

हे मी इतक्या तळमळीने लिहिते कारण माझी पहिली दोन वर्षं यातच गेली. 2011 ची गोष्ट. माझ्या तेव्हाच्या ब्रोकरची किमान दलाली सौद्याला 25 रुपये होती आणि मी दीड-दीड हजारांचे शेअर घ्यायचे. म्हणजे जाताना 25, येताना 25, वर सेवाकर, शिवाय एसटीटी तेव्हा 0.125 टक्का. शेअर चार टक्के वर गेला तरी मी जिथल्या तिथेच. माझी निवड वाईट आहे असं मी वर्षभर धरून चालले होते. मार्चमध्ये लेजर काढून नुसत्या खर्चाची बेरीज केली तेव्हा कळलं, निवड बरी होती, सौदे छोटे आणि फार होते.

म्हणून घेण्याआधी एकच आकडा काढा: कितीला विकला तर मी ना नफा ना तोटा? तुमच्या खात्यात 4,000 च्या सौद्याला तो भाव 407 रुपये 40 पैशांच्या आसपास होता. 410 ला विकताना तुम्ही फक्त अडीच रुपयांच्या पट्ट्यात कमावत होतात. डिलिव्हरीला (शेअर घेऊन डीमॅटमध्ये ठेवण्याला) दलाली न घेणारं खातं असतं तर खर्च साधारण 27 रुपये झाला असता आणि 73 उरले असते. पण बघा, तिथेही 27 पैकी जवळजवळ 18 डीपीचेच. दलाली शून्य म्हणजे खर्च शून्य नव्हे.

एक खर्च मात्र कुठल्याच कागदावर नसतो. लहान कंपन्यांच्या शेअरमध्ये घेणारा 182 म्हणतो आणि विकणारा 185. तुम्ही मार्केट ऑर्डर (मिळेल त्या भावाची) टाकली की 185 ला मिळतो, आणि त्याच क्षणी विकायचा म्हटला तर 182 च येतात. दीड टक्क्याहून जास्त तिथेच गेले, तुमच्या दोन्ही वेळच्या दलालीपेक्षाही जास्त. उलाढाल कमी असलेल्या शेअरला नेहमी लिमिट ऑर्डर (भाव आपण ठरवून दिलेली) लावा, भले दोन दिवस थांबावं लागलं तरी.

कराचं थोडक्यात. वर्षाच्या आत विकल्यामुळे नफ्यावर 20 टक्के (23 जुलै 2024 पूर्वी 15 होते). नफा काढताना दलाली आणि तिच्यावरचा जीएसटी वजा करता येतो, एसटीटी करता येत नाही.

तुमची डीमॅटमधली शिल्लक लाखाच्या आतली दिसते, तर बीएसडीए (कमी शिल्लकवाल्यांसाठीचं साधं डीमॅट) खात्याची चौकशी करा. सप्टेंबर 2024 पासून 4 लाखांपर्यंतच्या शिल्लकीला त्यात वार्षिक देखभाल शुल्क लागत नाही. अट अशी की एकट्याच्या किंवा पहिल्या नावावर तुमचं दुसरं डीमॅट नको.

शेवटी तुम्ही विचारलंय की उरलेल्या सहा कंपन्या विकून स्वस्त ब्रोकरकडे परत घेऊ का. कृपा करून असं करू नका. सहा वेळा डीपी चार्जेस, दोन्हीकडचा एसटीटी, आणि करासाठी वर्ष मोजायला पुन्हा पहिल्या दिवसापासून सुरुवात. नवीन खातं उघडा, जुनं बंद करण्याच्या अर्जातच सगळे शेअर तुमच्याच नावाच्या नव्या डीमॅटमध्ये हलवायला सांगा. खातं बंद करताना अशा हस्तांतराला शुल्क घेता येत नाही. खरेदीची मूळ तारीख आणि भाव कायम राहतो, पण नव्या ब्रोकरच्या ॲपवर तो आपोआप दिसेलच असं नाही. म्हणून जुन्या काँट्रॅक्ट नोटा आधी उतरवून ठेवा, आणि लेजरमध्ये काही थकबाकी नाही ना तेही बघा, नाहीतर अर्ज तिथेच अडकतो.