चित्रपटावर गेम काढताय? आधी करार नीट वाचा

निर्मात्याने होकार दिला म्हणजे सगळं मिळालं, असं धरू नका. नाव आणि लोगो एकाकडे, गाणी म्युझिक कंपनीकडे, नटाचा चेहरा त्याच्या स्वतःच्या करारात. गेमच्या आयकॉनवर नायकाचा चेहरा हवा असेल तर ती परवानगी लेखी आणि वेगळी घ्या. ती नसेल तर पात्राचा पोशाख, गाडी, हत्यार यांवर आयकॉन उभा करा.

पैशांत खरी मेख एका शब्दात असते. खेळणाऱ्याने १०० रुपये दिले, अ‍ॅप स्टोअरने ३० कापले, उरले ७०. रॉयल्टी, म्हणजे हक्कांच्या बदल्यात द्यायचा वाटा, २० टक्के ठरली आणि ती एकूण रकमेवर असेल तर तुमचे २० जातात, कपातीनंतरच्या रकमेवर असेल तर १४. जाहिरात आणि कर त्यानंतर. त्यामुळे 'निव्वळ उत्पन्न' म्हणजे काय, हे करारातच लिहून घ्या. किमान हमी, म्हणजे कमाई कितीही झाली तरी हक्कमालकाला द्यायची ठरलेली रक्कम, हप्त्यांत द्यायची सोय मागा आणि ती रॉयल्टीतून वळती होईल असं कलम घाला.

हक्कमालकाच्या मंजुरीत वेळ जातो. स्क्रीनशॉट, संवाद, पोशाखाचा रंगसुद्धा तपासला जातो. उत्तराला दहा दिवसांची मुदत ठरवा.

प्रदर्शनाची तारीख अनेकदा पुढे सरकते, म्हणून मूळ खेळ चित्रपटाशिवायही खेळावासा वाटला पाहिजे. २०१२ मध्ये मॉन्ट्रियलच्या लुडिया या गेम कंपनीने 'जुरासिक पार्क बिल्डर' काढला, तेव्हा मूळ चित्रपटाला १९ वर्षं झाली होती. डायनासोर वाढवणं हीच त्यातली गोडी.

आणि हक्क संपल्यावर आधीच पैसे भरलेल्या खेळणाऱ्यांचं काय, तेही आजच ठरवा.