'हॉर्टुलुस'ला 'लघुउद्यान' म्हणू नका

प्रश्न असा आहे: नवव्या शतकातला मठाधिपती वालाफ्रिड स्ट्राबो याच्या 'हॉर्टुलुस' (शब्दशः 'छोटी बाग') या लॅटिन काव्याचं नाव मराठीत 'लघुउद्यान' असं करावं का? आणि 'हॉर्टिकल्चर' शब्दातला 'हॉर्टि' तो हाच का?

दुसऱ्याचं उत्तर 'हो'. पहिल्याचं उत्तर 'कृपा करून नको'.

'उद्यान' हा शब्द आपण फार स्वस्त केला आहे. गच्चीत चार कुंड्या मांडल्या की गच्चीउद्यान, खिडकीच्या जाळीत तुळस आणि कोरफड ठेवली की खिडकीउद्यान! उद्यान म्हणजे उद् + यान. 'या' म्हणजे जाणे. संस्कृतात या शब्दाचा मूळ अर्थच 'बाहेर जाणं' असा आहे. जिथे विहाराला बाहेर जायचं ती जागा उद्यान. राजा रथातून नगराबाहेर जातो ते उद्यान. दाराशी असलेल्या, चार पावलांत संपणाऱ्या तुकड्याला हा शब्द लावणं म्हणजे अर्थ उलटा करणं आहे. 'हॉर्टुलुस'च्या मुळाशी असलेला लॅटिन 'हॉर्टुस' म्हणजे कुंपण घातलेली, आत घेतलेली जागा. एक शब्द बाहेर नेतो, दुसरा आत घेतो. कृषी विद्यापीठांनी 'हॉर्टिकल्चर'साठी 'उद्यानविद्या' रूढ केलं, तिथपासून ही चूक पक्की झाली.

सरकारी 'फलोत्पादन' तर आणखी अडचणीचं. वालाफ्रिडच्या त्या काव्यात 444 ओळी आणि 23 वनस्पती आहेत. त्यांत सताप आहे, बडीशेप आहे, पुदिना आहे, खसखशीचं झाड आहे, मुळा आहे, भोपळा आहे. फळझाड एकही नाही. वेलीवरचं खरबूज तेवढं आहे. हा योगायोग नाही. वालाफ्रिडच्याच काळात, त्याच्याच रायशेनाऊ बेटावरच्या मठात, आजच्या स्वित्झर्लंडमधल्या सांक्ट गालेनच्या मठासाठी एक आराखडा काढला गेला. तो चामड्यावरचा आराखडा आजही सांक्ट गालेनमध्ये जपलेला आहे. त्यात तीन जागा वेगळ्या दाखवल्या आहेत: भाजीपाल्याचे 18 वाफे तो 'हॉर्टुस', औषधी वनस्पतींचे 16 वाफे तो 'हेर्बुलारियुस', आणि फळझाडं वेगळीच, कबरस्तानात. म्हणजे ज्या मठात हे काव्य घडलं तिथेच 'हॉर्टुस'मधून फळं बाहेर काढलेली आहेत. 'फलोत्पादन' या भाषांतराला याहून स्पष्ट उत्तर कुठलं हवं?

आता खऱ्या आनंदाकडे येऊ.

लॅटिन 'हॉर्टुस', इंग्रजी 'गार्डन' आणि 'यार्ड', स्लाव भाषांतला 'ग्राद' किंवा 'गोरोद' म्हणजे शहर (बेलग्राद, नोव्गोरोद), गॉथिक या जुन्या जर्मानिक भाषेतला 'गार्ड्स' म्हणजे घर, आणि आपलं संस्कृत 'गृह' ही सगळी भावकी आहे. अर्थ एकच: वेढलेलं, आवारात घेतलेलं. कोणी त्या आवारात भाजी लावली, कोणी गाव वसवलं, कोणी चूल मांडली. 'कोर्ट'सुद्धा यातलंच. लॅटिन 'कोहोर्स' म्हणजे आवार, त्यातला 'होर्' हा हाच. आपण कोर्टाची पायरी चढतो तेव्हा 'हॉर्टुस'च्या अंगणातच जात असतो.

काही भाषाशास्त्रज्ञ इथे हरकत घेतात. लॅटिन शब्दात 'त' आहे, 'गृह'च्या मुळात 'ध' होता, आणि सुरुवातीचं व्यंजनही काटेकोर जुळत नाही, म्हणून मुळं दोन मानावीत, असं त्यांचं म्हणणं. मानायची तर माना. दोन्ही मुळांचा अर्थ 'वेढणं' हाच राहतो, आणि सख्खी नाही तरी चुलत भावंडं तुम्हाला मानावीच लागतील.

खरं भांडण आहे ते 'घर' या शब्दावरून. 'गृह' पासून प्राकृतात 'घर' आणि तेच मराठीत, असं आपण शाळेत शिकलो. टर्नरसाहेबांच्या भारतीय-आर्य भाषांच्या कोशाचा कल निराळा आहे. त्यांच्या मते 'घर'चं मूळ 'उष्णता, चूल' या अर्थाच्या जुन्या धातूत असावं. म्हणजे 'घर' हा 'घर्म'चा, पर्यायाने आपल्या 'घाम'चा नातलग ठरतो. टर्नर यांचा कोश माझ्या टेबलावरून कधी हलत नाही, पण इथे मी त्यांचं ऐकणार नाही. 'गृह'मधला मागचा 'ह' पुढे सरकून 'ग'ला चिकटला आणि 'घर' झालं, यात अशक्य काय आहे? 'उपानह'मधला शेवटचा 'ह' पुढे आला आणि 'वहाण' झाली. 'महिषी'चा 'ह' पुढे सरकला आणि 'म्हैस' झाली. जो 'ह' वहाणेत चालतो तो घरात का चालू नये? अर्थ तोच, प्राकृतातला वापर तोच, आणि तरी त्यासाठी वेगळं मूळ शोधायचं ही मला अनावश्यक खटपट वाटते.

आता भाषांतराचं. मराठीत हुबेहूब हाच प्रवास केलेला शब्द पडून आहे आणि प्रश्नकर्त्याला तो आठवला नाही, याचं मला वाईट वाटतं. संस्कृत 'वाट' म्हणजे कुंपण, आवार. त्यापासून 'वाडा'. 'वाट'चंच लहान रूप 'वाटिका', आणि त्यातून 'वाडी'. 'हॉर्टुस'चं लहान रूप जसं 'हॉर्टुलुस', तसंच हे. गाडा-गाडी, सुरा-सुरी, तशी वाडा-वाडी. शिवाय 'हॉर्टुस'च्या भावकीने जे तीन अर्थ जगभर वाटून घेतले, घर, वस्ती आणि बाग, ते तिन्ही आपण एकाच शब्दाच्या पोटात ठेवले आहेत. पेशव्यांचा वाडा, डोंगरातली वाडी, कोकणातली नारळी-पोफळीची वाडी. शहरातल्या माणसाला 'वाडी' म्हटलं की फक्त बसचा थांबा आठवतो, हा शब्दाचा दोष नाही.

आणि वालाफ्रिडची जागा खरोखर वाडीच होती. त्याच्या दारापुढचं पूर्वेकडचं अंगण खाजऱ्या नेटलच्या रानाने भरलं होतं आणि चिचुंद्रीसारख्या मोलने खालून पोखरलं होतं. त्याने ते उपटलं, खणलं, वाफे फळ्यांनी बांधून उचलून घेतले, पाटीने शेणखत टाकलं, हाताने पाणी घातलं. एका बाजूला वळचण असल्याने पाऊस पोचत नाही, दुसऱ्या बाजूला उंच भिंत असल्याने ऊन पोचत नाही, आणि तरी काही वाया गेलं नाही असं तो सांगतो. भोपळा वाळवून त्यात दारू ठेवतात हेही सांगतो, म्हणजे आपला तुंबाच. पुदिन्याच्या जाती मोजणं म्हणजे तांबड्या समुद्रातले मासे मोजणं, असं तो म्हणतो. पुदिन्याच्याच गोतातल्या 'पुलेगियुम'बद्दल त्याने ऐकलं होतं की गॉलमध्ये (म्हणजे साधारण आजच्या फ्रान्समध्ये) भारतातल्या काळ्या मिऱ्याला जो भाव, तोच हिंदुस्थानातले जाणकार या पाल्याला देतात. तिथे तो मिऱ्याला 'पिपेर' म्हणतो, आणि 'पिपेर' म्हणजे ग्रीकांमार्फत तिकडे पोचलेली आपली पिंपळी! आपण मिरी आणि पिंपळी वेगळी ठेवली, त्यांनी पिंपळीचं नाव मिऱ्याला देऊन टाकलं.

हा माणूस साधारण 808 च्या सुमारास नैर्ऋत्य जर्मनीतल्या श्वाबियात, गरीब घरात जन्मला. रायशेनाऊ हे बोडन तळ्यातलं बेट, तिथल्या मठात वाढला. अठराव्या वर्षाच्या सुमारास त्याने आपल्या गुरूला, वेट्टीला, मरणापूर्वी झालेल्या परलोकदर्शनावर दीर्घ काव्य रचलं. त्यात सम्राट शार्लमेन यातना भोगताना दिसतो, आणि त्याचं नाव कवीने ओळींच्या आद्याक्षरांत गुंफून ठेवलं आहे. पुढे शिकायला फुल्डाच्या मठात विद्वान राबानुस माउरुसकडे गेला, तिथे थंडीने काकडत बेटाच्या आठवणीने सॅफिक वृत्तात (ग्रीक कवयित्री सॅफोच्या नावाच्या वृत्तात) रडला. 829 पासून आखेनच्या दरबारात राजपुत्र चार्ल्सचा शिक्षक, 838 मध्ये रायशेनाऊचा मठाधिपती. 840 मध्ये बादशहाच्या मुलांतल्या वारसाच्या भांडणात चुकीच्या बाजूला असल्यामुळे हाकलला गेला, 842 मध्ये परतला. 18 ऑगस्ट 849 ला, त्याच चार्ल्सकडे वकिलातीवर जाताना, फ्रान्समधली लुआर नदी ओलांडताना बुडाला. चाळिशीच्या आसपासचं वय.

मला तो जवळचा वाटतो तो आणखी एका कारणाने. उपासनाविधींच्या इतिहासावरच्या त्याच्या ग्रंथात एक प्रकरण 'देवाच्या घराला जर्मनांच्या बोलीत काय म्हणतात' यावर आहे. जर्मनांचा 'किर्खे' ग्रीक 'कुरिओस' म्हणजे प्रभू या शब्दापासून आला आणि तो गॉथांमार्फत आला, असं तो तिथे मांडतो. लॅटिनच्या दबदब्याच्या काळात एका मठाधिपतीने बोलीतल्या शब्दांसाठी पानं खर्च केली. शब्दाचं मूळ शोधणाऱ्या प्रत्येकाचा तो पूर्वज आहे.

आणि त्याच्या नावाविषयीही एक सूचना, विचारलेली नसली तरी. 'स्ट्राबो' म्हणजे तिरळा. त्याचे डोळे तसे होते. व्याकरणाच्या नियमाने रूप 'स्ट्राबो' हेच, पण त्याने स्वतः दोन ओळी लिहून ठेवल्या आहेत: नियम कितीही ओरडून 'स्ट्राबो' म्हणायला सांगो, मला स्वतःला 'स्ट्राबुस' म्हणवून घ्यायचं आहे, मी स्ट्राबुसच राहीन. म्हणून मुखपृष्ठावर काव्याचं नाव 'वाडी' छापा आणि कवीचं नाव वालाफ्रिड स्ट्राबुस.