आरोपी सुटला? आधी निकालाची नक्कल काढ
चेक बाउन्सच्या केसमध्ये ठाण्याच्या मॅजिस्ट्रेट कोर्टात आरोपी निर्दोष सुटला, म्हणून लगेच हायकोर्टासाठी सीएसएमटी लोकल पकडू नकोस. सेलेस्टियम फायनान्शियलच्या 2025 मधल्या निकालात सुप्रीम कोर्टाने अशा तक्रारदाराला 'पीडित' मानलंय. त्यामुळे हायकोर्टाच्या विशेष परवानगीशिवाय इथंच सेशन्स कोर्टात अपील होतं. आजच नकलेचा, म्हणजे निकालाच्या प्रमाणित प्रतीचा अर्ज टाक. नक्कल मिळायला लागणारे दिवस अपिलाच्या मुदतीतून वगळतात.

खरी मेहनत मेमोत, म्हणजे अपिलाची कारणं मांडणाऱ्या अर्जात. सुप्रीम कोर्टाचा चंद्रप्पा, 2007 हा निकाल नीट वाच: पुराव्यातून दोन निष्कर्ष शक्य असतील तर सुटका सहसा कायम राहते. म्हणून उलटतपासणीतली कुठली कबुली कोर्टाच्या नजरेतून सुटली, ते पान नंबरासकट दाखव. माझ्या पहिल्या मेमोत नुसता संताप होता. सिनियरांनी अर्धा खोडला.